चहा उकळेपर्यंत मी इस्रायल

रिबका, आज सकाळी तुझ्या दानियलचं जाडजूड पाकीट आलं. सही करून घेतलं, तिथेच ओट्यावर उभ्या उभ्या फोडलं, आणि शाळेला दांडी मारली. तू मालवणात राहिलीस त्या सतरा वर्षांत मी कधी दांडी मारलेली तुला ठाऊक नाही. मुख्याध्यापिकेला चिठ्ठी पाठवली की पोटात दुखतंय. पोटात काही दुखत नाही.  मला आत्ताच्या आत्ता तुझ्या घरी धावत यायचं आहे, दार ढकलून ओरडायचं आहे की अगो, ऐकलंस? आणि तिथे तर आता दुसरी नर्स राहते. ती बिचारी माझ्याकडे बघून घाबरेल.

तुझा नियम मला पाठ आहे. बातमी मधूनच सुरू करायची नाही. शेवट आधी सांगायचा नाही. पहिल्यापासून, एकामागून एक. कोणी शेजारीण धापा टाकत आली की तू तिला पाटावर बसवायचीस, पाणी द्यायचीस आणि म्हणायचीस, आधी दिवस सांग. तर मी तुझ्या नियमानंच सांगते. पाकिटात काय होतं ते शेवटी. पण एवढं आत्ताच कबूल करते, कारण ते पोटात ठेवून मला पुढे लिहवणार नाही: मी तुझ्यामागे एक काम केलं होतं. तू नको म्हटलेलं काम. आणि तुला न सांगता तुला जाऊ दिलं. तुझ्या भावाचं कार्ड आलं तेव्हा मी रडले ते निम्मं तुझ्यासाठी आणि निम्मं ह्या गोष्टीसाठी.

ते कार्डसुद्धा तीन दिवस शिळं. मुंबईत तू मंगळवारी डोळे मिटलेस, मला शुक्रवारी कळलं. आपली प्रत्येक बातमी तीन दिवस शिळी असायची, तुझीच तेवढी ताजी कशी येईल?

तू आमच्या गावात आलीस ते पन्नास साली, नगरपालिकेच्या दवाखान्यात नर्स म्हणून. अलिबागकडची बेने इस्रायल, विधवा, बरोबर नऊ वर्षांचा दानियल आणि एक पत्र्याची ट्रंक. आमच्या आळीत कोणी यहुदी बघितलेला नव्हता. तुम्हाला तिकडे शनवार तेली म्हणत, आजोबांचा तेलाचा घाणा शनिवारी बंद असे, हे तू पहिल्याच आठवड्यात सांगून टाकलंस. मी शेजारच्या घरातली, मुलींच्या शाळेतली मास्तरीण, मुसलमान, नवरा बोटीवर सारंग. मी तुझ्याकडे आले ती दानियलचं नाव शाळेत घालायच्या निमित्तानं, आणि खरं म्हणजे तुझ्या चुलीवर काय शिजतं ते बघायला. तू पेपर वाचत बसली होतीस. चुलीवर काहीच नव्हतं. त्याच महिन्यात दिल्लीनं इस्रायलला मान्यता दिली होती आणि तुला भूक लागत नव्हती.

पेपरची आपली व्यवस्था आठवते का? मुंबईचा पेपर एस.टी.नं दुसऱ्या दिवशी वाचनालयात यायचा. तिथे बाप्ये माणसं बसलेली, आपण कुठे जाऊन बसणार? मग तू वाचनालयाच्या शिपायाच्या बायकोचं बाळंतपण केलंस आणि त्या बदल्यात करार केलास की सगळ्यांचं वाचून झालं की पेपर तिसऱ्या दिवशी दवाखान्याच्या पडवीत. त्यावर तपकिरीचे डाग असायचे. कोणी कोडं अर्धं सोडवलेलं असायचं. पण परराष्ट्राचं पान कोरं, कोणी हातसुद्धा लावलेला नसायचा. ते आपलं.

मान्यता दिली पण राजदूत नाही. ह्याच्यावर आपण दोघी सतरा वर्षं भांडलो. तू म्हणायचीस, साखरपुडा केला आणि लग्नाचं नाव नाही. पोरीकडच्यांनी किती दिवस वाट बघायची? मुंबईत एक कॉन्सुल बसवला, दिल्लीत येऊ दिला नाही, तेव्हा तू म्हणालीस, ओटीवर चटई टाकली हो, माजघरात घेत नाहीत. मी म्हणायचे, बाई, दिल्लीला घर चालवायचं आहे. एवढे अरब देश, त्यांच्याशी जुना घरोबा, आपल्या देशातले एवढे मुसलमान, आणि आपलं सगळं जहाज-तारू त्या सुएझच्या कालव्यातून जाणारं. मोठ्या घरच्या सुनेला सगळ्यांचं तोंड बघून वागावं लागतं. तू म्हणायचीस, मग सुनेनं साखरपुडा कशाला केला?  

पंचावन्न साली इंडोनेशियात आशिया-आफ्रिकेच्या देशांची परिषद भरली. सगळ्यांना बोलावणं, इस्रायलला नाही. अरब म्हणाले ते येणार असतील तर आम्ही येत नाही. तो पेपर तू एवढ्या जोरात घडी केलास की मधोमध फाटला. मी म्हटलं, आमच्याकडेही लग्नात असंच होतं, एका घराला बोलावलं तर अख्खी आळी येत नाही. तू म्हणालीस की मग ते लग्न नाही, ते कट-कारस्थान. मी हसले, तू हसली नाहीस. संध्याकाळी तू दोन तळलेले बांगडे पाठवलेस, म्हणजे भांडण संपलं.

बांगडे. पापलेट. खवले असलेला मासा. मालवणात राहून तू कधी नांग्यांची कुर्ली खाल्ली नाहीस, कोळंबी नाही, शिंपल्यातल्या तिसऱ्या नाहीत, मोरीचा मासा नाही. पहिल्या वर्षी माझ्या सासूनं तुला तिसऱ्यांचं सुकं पाठवलं होतं आणि तू भांडं घासून, त्यात गूळपोहे भरून परत केलं होतंस. सासूला वाटलं तुला तिचा हात आवडला नाही. मग मी समजावलं की त्यांच्यातही आपल्यासारखं आहे, हे चालतं, ते चालत नाही. सासू म्हणाली, पण तिसऱ्यासुद्धा नाहीत? मगे जगता कशी?

आणि मग छप्पन्न साल. रिबका, त्या गुरुवारचा पेपर मी अजून विसरले नाही. मला नववा महिना, पाय सुजलेले, आमचे हे बोटीवर, आणि बोट कुठे? एडनहून वर कालव्याकडे निघालेली. पेपरात मोठ्या अक्षरात: इस्रायल इजिप्तमध्ये घुसलं, मागोमाग इंग्रज आणि फ्रेंच. कालव्यावर बॉम्ब. नंतर आपण वाचलं की त्यांचाच एक माजी परराष्ट्रमंत्री नेमका त्याच दिवसांत दिल्लीत आपल्या पंतप्रधानांना भेटायला आला होता आणि त्या बिचाऱ्यालाही पत्ता नव्हता. ते नंतर. त्या दिवशी मला एवढंच दिसलं की माझ्या सलीमचा बाप त्या कालव्यात आहे आणि तुझ्या माणसांनी तिथे आग लावली आहे.

मी तुला काय काय बोलले ते इथे लिहीत नाही. आळीनं ऐकलं. शेवटी म्हटलं, ह्या घरात पाय ठेवू नको. तू पेपर खाली ठेवलास, चपला घातल्यास आणि गेलीस. मला वाटलं रागावून गेलीस. तू तार ऑफिसात गेली होतीस, मुंबईच्या गोदीत तुझा चुलतभाऊ होता त्याला तार करायला, की अमुक नावाची बोट कुठे आहे शोध. हे मला तिसऱ्या दिवशी कळलं. तुझ्याबद्दलचं सगळंच मला तिसऱ्या दिवशी कळायचं.

शनिवारी सकाळी माझ्या कळा सुरू झाल्या, आठ दिवस आधीच. सासू दारात उभी राहून म्हणाली, नर्सबाई येणार नाही, आज तिचा शनिवार, आणि तू तिला हाकलून दिलेलं. तुझ्या घरी शुक्रवारी संध्याकाळी दिवा लागला की शनिवारी संध्याकाळपर्यंत चूल पेटत नाही, हे सगळ्या आळीला माहीत. आणि तू आलीस. हात कोपरापर्यंत धुतलेले, केस बांधलेले. मी कळांमध्ये ओरडले, "तुका कोणी बोलावल्यान?"

"तुझ्या पोरान," तू म्हणालीस आणि पदर खोचलास.

पुढचे पाच तास आपण बाळंतपण केलं की सुएझची वाटाघाट केली, अल्लाच जाणे. कळ आली की मी इस्रायलला शिव्या द्यायचे, कळ गेली की तू म्हणायचीस, बरोबर आहे, आता श्वास घे. एकदा मी म्हटलं इंग्रजांनाही घे त्यात, तू म्हणालीस घेतले. सासू अधूनमधून आत येऊन विचारायची, ही नेमकी कोणाशी भांडते? दुपारी सलीम झाला. तू त्याला उलटा धरून पाठीवर चापट मारलीस आणि तो जो ओरडला, तेव्हा तू म्हणालीस की हा मोठेपणी राजदूत होणार, ह्याला ऐकून घ्यायची सवय नाही. दुसऱ्या दिवशी गोदीतून तार आली. बोट एडनला थांबवलेली, माणसं सुखरूप. ती तार तू माझ्या उशाशी ठेवलीस. मी तुझी माफी मागितली नाही. तेव्हा नाही आणि नंतरही नाही.

आपला तह मात्र त्यानंतर झाला. कुठल्या दोन देशांनी केला नसेल असा. तुझी अट होती, माझी नाही, म्हणजे श्रेय तुझं. पेपर आला की आधी चहा चुलीवर ठेवायचा. चहाला उकळी येईपर्यंत मी इस्रायलची वकील आणि तू अरबांची. मला जमेल तेवढं इस्रायलचं म्हणणं मांडायचं, अगदी मनापासून, खोटं खोटं नाही. तू कैरोचं, दमास्कसचं, आणि ज्यांची घरं गेली त्या लोकांचं. उकळी आली की आपापल्या बाजूला परत. मग खुशाल भांडा. पहिल्या दिवशी मी "इस्रायलचं म्हणणं असं की" एवढं बोलून थांबले, मला पुढे काही सुचेना. तू चुलीतलं लाकूड बाहेर ओढलंस, म्हणजे चहा लवकर उकळू नये आणि मला वेळ मिळावा. मी रडकुंडीला आले.

पण हळूहळू जमायला लागलं. एवढं जमलं की मला त्यात मजा यायला लागली, सांगते. सगळे शेजारी अंगावर, मागे समुद्र, कुठेही जायला जागा नाही, कालव्यातून जहाज सोडत नाहीत, सभेला बोलवत नाहीत. हात ओवाळून ओवाळून मी बोलायचे. आणि तू शांतपणे म्हणायचीस, आणि ज्यांच्या घराची किल्ली अजून कमरेला आहे आणि घर नाही, त्यांनी कुठे जायचं? तुझ्या तोंडून ते ऐकलं की मला माझ्या बाजूला परत आल्यावर काही बोलायला उरायचंच नाही. तू माझ्यापेक्षा चांगली वकील होतीस, माझ्याच बाजूची.

एकदा मी तुला सरळ विचारलं होतं, की एवढं आहे तर तू जात का नाहीस तिकडे? तुझी अर्धी अलिबागकडची माणसं गेली. तू मासा साफ करत होतीस, मान वर न करता म्हणालीस, "माका थंय जाऊचा नाय. पण तो देश आसाक होयो." दहा वर्षांत तुझ्या तोंडी आमची मालवणी बसली होती आणि तो देश असायला हवा असं खोल काही बोलायचं असलं की तू तीच काढायचीस.

दानियल इस्रायलला राहायला गेला साठ साली. त्याच्या जाण्याआधी तू मलिदा केलास, पोहे, गूळ, खोबरं, पाच फळं, तुमच्या पैगंबराच्या, एलियाहू हानाबीच्या नावानं, आणि आम्हा सगळ्यांना वाटलास. माझी सासू म्हणाली, आमच्याकडे फातिह्याला करतात तसोच आसा. तू म्हणालीस, मग काय वेगळा असेल?

आणि मग त्रेसष्ट साली त्याचं ते पत्र. त्याला तिथल्या एका मुलीशी लग्न करायचं होतं, पोलंडकडून आलेल्या घरातली. लग्न लावणाऱ्या धर्मगुरूंच्या कार्यालयातले म्हणाले, हे हिंदुस्थानातले बेने इस्रायल, ह्यांचं यहुदीपण आम्हाला तपासावं लागेल. आईचं, आजीचं, पणजीचं. पुरावा आणा. पत्र वाचताना तुझा चेहरा मी बघत होते. दिल्लीनं राजदूत नाकारला तेव्हा तू चिडलीस, परिषदेचं बोलावणं चुकलं तेव्हा चिडलीस. हे वाचून चिडली नाहीस. कागद घडी केलास आणि ट्रंकेत टाकलास.

मी म्हटलं, अलिबागेहून दाखला मागव, तुझ्या सिनेगॉगचा. तू म्हणालीस नाही. दोन हजार वर्षं आम्ही समुद्रकाठी शनिवार पाळला तो कोणाला दाखवायला नाही पाळला. मी यहुदी आहे हे मला कोणी विचारायचं नाही, आणि त्यांनी तर नाहीच नाही. जगानं त्यांना मान्यता द्यावी म्हणून ते पंधरा वर्षं दारोदार फिरतायत आणि घरात आलेल्या पोराला मान्यता द्यायला कागद मागतात. मी म्हटलं, अगो, पोराचं लग्न अडलंय. तू म्हणालीस, अडू दे. आणि ह्यावर तू बोलणार नाहीस, हमीदा, शपथ घे. मी शपथ घेतली की बोलणार नाही.

बोलले नाही. लिहिलं.

आता हसू नकोस. सात वर्षं चहा उकळेपर्यंत मी इस्रायलची वकील होते ना? तर एक खटला मी खरोखरच चालवला. दिल्लीचा राजदूत तिथे नव्हता, मग मालवणनं आपलं परराष्ट्रखातं उघडलं. मी शाळेच्या वहीचे चार कागद घेतले आणि शुद्ध मराठीत लिहिलं, की आम्ही खाली सही करणाऱ्या मालवणच्या बायका ह्या बाईला तेरा वर्षं ओळखतो. मग साक्षी गोळा करायला निघाले, गुपचूप. पहिली साक्ष मासळी विकणाऱ्या भामाची. भामानं टोपली उतरवली, कमरेवर हात ठेवले आणि म्हणाली, "लिही. तेरा वर्षात ह्या बायेन माझ्याकडसून एक कुर्ली घेऊक नाय. खवळां बघल्याशिवाय मासो हातात धरूक नाय." आणि वर म्हणाली, मालवणात राहून जी कुर्ली खात नाही तिला अजून काय सिद्ध करायचं आहे? ते वाक्य मी तसंच लिहिलं. सासूनं तिसऱ्यांची साक्ष दिली. कोणी शुक्रवारच्या दिव्याची, कोणी तुझ्या उपासाची, पाणीसुद्धा न पिता बसतेस त्या दिवसाची. ज्यांना लिहिता येत नव्हतं त्यांनी अंगठे दिले. शाळेच्या शाईचे निळे अंगठे, रिबका, कितीतरी, आणि त्यातल्या जवळजवळ प्रत्येक बाईचं बाळंतपण तू केलेलं. मला एवढा जोर चढला होता की मी चालताना गाणं म्हणत होते. आळीतल्या चाळीस तोंडांनी गुपित पाळलं, हा मालवणच्या इतिहासात पहिलाच प्रकार.

आणि शेवटी, जोरात आल्यावर, मी माझी साक्ष लिहिली. त्यात लिहिलं, की ही बाई शनिवारी कुठल्याही कामाला हात लावत नाही, हे मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं आहे.

वकिलाला एवढं माफ असतं असं मला वाटलं.

वर दानियलला दोन ओळी लिहिल्या, की हे कार्यालयात दे, आणि आईला अजिबात कळवू नको, माझी शपथ मोडलेली तिला कळली तर ती मला परत दारात उभी करणार नाही. डिंक संपला होता, पाकीट भाताच्या शितांनी चिकटवलं. त्याचा पत्ता तुझ्या पत्रावर बघून पाठ केला होता तो आठवून लिहिला. पाठवणाऱ्याचं नाव मुद्दाम घातलं नाही. पेटीत टाकलं आणि पळत घरी आले.

पुढच्या वर्षी त्या देशात तुझ्या लोकांनी रस्त्यावर बसून निदर्शनं केली, त्यांच्या संसदेनं ठराव केला की बेने इस्रायल पुरेपूर यहुदी आहेत, आणि दानियलचं लग्न झालं. तू लग्नाचा फोटो मला दाखवायला आणलास. मी विचारलं, मग कागद नाही लागला ना? तू म्हणालीस, नाही लागला.  मला वाटलं, माझं पत्र हरवलं असणार. बरंच झालं असंही वाटलं, आणि मनातून जळलेही, एवढे अंगठे फुकट गेले म्हणून. मग दिवस गेले. दरवेळी वाटायचं आज सांगावं. शपथ मोडली म्हणायला जीभ रेटायची नाही.

आणि ह्या जूनमध्ये तू आजारी. वरून ती लढाई. इजिप्तनं समुद्राच्या त्या चिंचोळ्या तोंडातून इस्रायलची जहाजं जाऊ द्यायची नाहीत म्हटलं. मी वर्गातल्या पोरींना सांगितलं, कोळंबच्या खाडीच्या तोंडावर कोणी बांध घातला तर आतल्या होड्यांचं काय होईल तसं. मग सहा दिवसांत सगळं उलटंपालटं. दिल्ली अरबांच्या बाजूला. आणि गाझात शांततेसाठी ठेवलेले आपले जवान, त्यांच्यातले काही इस्रायलच्या गोळीबारात गेले. तो पेपर आला त्या दिवशी तू अंथरुणावर उठून बसलीस आणि दिवसाढवळ्या दिवा लावलास. मी विचारलं हा कोणासाठी? तू म्हणालीस, आपल्या पोरांसाठी. मग वात सारखी करून म्हणालीस, सगळ्याच पोरांसाठी.

मुंबईला जायच्या आदल्या दिवशी मी तुझ्या चुलीवर चहा ठेवला. तह म्हणजे तह. मी इस्रायलचं मांडलं. आयुष्यात मांडलं नव्हतं एवढं चांगलं मांडलं, कारण तू ऐकत होतीस आणि मला तुला ताकद द्यायची होती. तू बारीक आवाजात त्या माणसांचं मांडलंस, जी नदी ओलांडून पोरं कडेवर घेऊन चालली होती. चहाला उकळी आली. उतू गेला. आणि आपण दोघी आपापल्या बाजूला परत गेलोच नाही. तशाच बसून राहिलो, तू माझ्या जागी, मी तुझ्या जागी, आणि अर्धा अर्धा कप चहा प्यायलो. भांडण तिथेच अडकून राहिलं आहे.

आता पाकीट. दिवस सांगते: आज, बुधवार, पहिली घंटा व्हायच्या आधी.

दानियलनं लिहिलंय, की हमीदामावशी, दोघींनी मला गप्प बसायला सांगितलं होतं आणि मी दोघींचं ऐकलं. आता एकीचं वचन संपलं, म्हणून हे परत पाठवतो. मला दोघींनी म्हणजे काय ते कळेना. आत माझेच चार कागद, निळे अंगठे सगळे जागच्या जागी. आणि माझंच पाकीट, भाताच्या शितांचे डाग असलेलं. पण ते शितांनी बंद नव्हतं. पाठीवर दवाखान्यातली चिकटपट्टी होती, तू जखमेवर लावायचीस तशी, कोपरे नीट कातरलेली.

तेव्हा मला उमगलं. मी पत्त्यात घराचा नंबरच घातला नव्हता. आणि आपल्या पोस्टात इस्रायलला पत्र टाकणारी बाई एकच. पोस्टमन ते घेऊन सरळ तुझ्याकडे आला असणार, नर्सबाये, नंबर घालूचो रवलो, म्हणत. आणि पाकिटावर माझं अक्षर. नंबर तुझ्या अक्षरात घातलेला आहे, मी आज बघितला.

आत एक चिठ्ठी आहे. तीही तुझीच. ती इथे उतरवून काढते, कारण मला ती परत एकदा माझ्या हातानं लिहायची आहे.

"दानियल, हे कागद मी वाचले. हमीदानं लिहिलेलं सगळं खरं आहे, शनिवारचं सोडून. मी शनिवारी काम केलं आहे. तिचा सलीम शनिवारी माझ्या हातांवर झाला. कार्यालयात तसं सांग. त्यावरून लग्न अडलं तर अडू दे, पण तो शनिवार मी लपवणार नाही, माझ्या आयुष्यातला तो चांगला शनिवार होता. मी वाचलंय हे हिला कळवू नको. गेले चार दिवस ही खूश आहे, गाणं म्हणत फिरते आहे. तिला वाटू दे."

रिबका, मी चार वर्षं तुझ्यापासून लपवत होते आणि तू चार वर्षं माझं लपवणं जपत होतीस. लग्नाचा फोटो दाखवताना तू माझ्याकडे बघत होतीस तेही आता आठवतंय. तू कधी प्रमाणपत्र मागितलं नाहीस आणि माझे अंगठे मात्र अडवले नाहीस. त्या पाकिटाला पट्टी लावून पुढे पाठवलंस.

मी आत्ता तुझी चिठ्ठी बाजूला ठेवली, शाईची दौत काढली आणि त्या चौथ्या कागदावरची माझी ओळ खोडली. खाली लिहिलं, ही बाई माझ्यासाठी शनिवारी आली, मी तिला हाकलून दिलेलं असताना आली. आणि सही केली. कोणाला पाठवायचं नाही. तरी केली.

सलीम शाळेतून येईल, दहा वर्षांचा घोडा, कोणाचं ऐकत नाही. त्याला हे सगळं वाचून दाखवणार आहे, पहिल्यापासून, एकामागून एक. चहा ठेवलाय. उकळी येईपर्यंत त्याला तुझी बाजू सांगते.